छायाचित्रणाची फीत : शोध कोणाचा, नाव कोणाचे



आयुष्यभर मराठी शिकवणाऱ्या माणसाने कॅमेऱ्याविषयी बोलावे, याचे आपल्यापैकी काहींना आश्चर्य वाटले असेल. व्याख्यानाचा विषय कळवला तेव्हा चिटणीसांनीही दोनदा खात्री करून घेतली. पण माझी या विषयाशी ओळख भाषेच्या वाटेनेच झाली. ग्रीक शब्दांवरून घडवलेला ‘फोटोग्राफी’ हा शब्द म्हणजे प्रकाशाने केलेले लेखन. आपण मात्र ‘छायाचित्र’ म्हटले. युरोपाने प्रकाशाचे नाव घेतले आणि आपण सावलीचे. यात चूक कोणाचीच नाही, कारण या कलेच्या जन्मदात्यांपैकी एक असलेला इंग्रज गृहस्थ विल्यम हेन्री फॉक्स टॅल्बट हादेखील आरंभी या उद्योगाचे वर्णन सावली पकडून ठेवण्याची कला असेच करीत असे. शिवाय प्रकाश जिथे पडतो तिथे निगेटिव्हवर काळे उमटते आणि सावली जिथे असते तिथे पारदर्शक राहते. आपल्या पूर्वजांनी शब्द बनवताना निगेटिव्ह समोर धरली होती की काय, असे गमतीने म्हणावेसे वाटते.

मराठीत आपण चित्र ‘काढतो’ तसाच फोटोही ‘काढतो’, आणि पुढे रोल ‘धुवायला’ टाकतो. हा धुण्याचा व्यवहार नव्या पिढीला ठाऊक असण्याचे कारण नाही. पण या कलेचा सारा इतिहास त्या धुण्यात आहे. चित्र उमटवणे त्या मानाने सोपे होते, उमटलेले चित्र टिकवणे अवघड होते.

फ्रान्समध्ये नीसेफोर न्येप्स याने १८२६-२७ च्या सुमारास आपल्या घराच्या खिडकीतून दिसणारे दृश्य डांबराचा लेप दिलेल्या धातूच्या पत्र्यावर उमटवले. त्याचा भागीदार लुई दागेर याची रीत जानेवारी १८३९ मध्ये पॅरिसच्या विज्ञान अकादमीपुढे जाहीर झाली आणि ऑगस्टमध्ये तिचा तपशील जगाला खुला करण्यात आला. दागेरची चित्रे चांदीचा मुलामा दिलेल्या तांब्याच्या पत्र्यावर उमटत. ती अतिशय रेखीव असत, पण एकच प्रत, दुसरी काढता येत नसे. टॅल्बटने कागदावर निगेटिव्ह बनवली आणि एका निगेटिव्हवरून हव्या तितक्या प्रती काढण्याची वाट दाखवली. या दोघांनाही उमटलेले चित्र पक्के करण्याची खात्रीची रीत हवी होती. ती त्यांना ज्योतिर्विद जॉन हर्शेल याच्याकडून मिळाली. ज्याला पुढे सगळे स्टुडिओवाले ‘हायपो’ म्हणू लागले, त्या क्षारात चांदीचे क्षार विरघळतात, हे त्याने १८१९ मध्येच नोंदवून ठेवले होते. वीस वर्षे ती नोंद उपयोगाची वाट पाहत पडून होती.

१८५१ मध्ये फ्रेडरिक स्कॉट आर्चर या इंग्रज शिल्पकाराने काचेवरची ‘ओली’ रीत प्रसिद्ध केली. इथर आणि मद्यार्क यांत विरघळवलेल्या कोलोडियनचा पातळ थर काचेवर द्यायचा, ती काच चांदीच्या द्रावणात बुडवायची, ओली असतानाच कॅमेऱ्यात घालून चित्र घ्यायचे आणि सुकण्यापूर्वी धुऊन टाकायची. हे सगळे काही मिनिटांत. आर्चरने या रीतीचे पेटंट घेतले नाही, ती सर्वांना देऊन टाकली. सहा वर्षांनी तो वारला तेव्हा कुटुंबासाठी त्याने मागे जवळजवळ काहीच ठेवले नव्हते. त्याच्या रीतीवर मात्र पुढची पंचवीस-तीस वर्षे जगभरचे छायाचित्रकार पोट भरत होते.

या ओल्या काचेचा आपल्या इंदूरशी प्रत्यक्ष संबंध आहे. मेरठजवळच्या सरधन्याचे दीनदयाळ रुडकीच्या कॉलेजातून शिकून १८६६ मध्ये इंदूरच्या बांधकाम खात्यात आले. काम नकाशे काढण्याचे आणि खर्चाचे अंदाज बांधण्याचे. १८७४ च्या सुमारास त्यांनी कॅमेरा हाती घेतला. हा सरकारी नोकर पुढे निजामाचा दरबारी छायाचित्रकार झाला, ‘राजा’ ही पदवी मिळवून बसला आणि सिकंदराबाद व मुंबईत त्याचे स्टुडिओ उभे राहिले. सर लेपेल ग्रिफिन यांच्याबरोबर मध्य भारतातील प्राचीन वास्तूंची त्यांनी घेतलेली छायाचित्रे १८८६ मध्ये ग्रंथरूपाने आली. आज ती पाहताना आपण वास्तू पाहतो. मला मात्र चित्रात न दिसणारे गाडाभर सामान दिसते : काचांच्या पेट्या, रसायनांच्या बाटल्या, पाण्याचे हंडे, तिपाई आणि ते वाहणारी माणसे. आरंभीच्या दिवसांत तर अंधाराचा तंबूही बरोबर न्यावा लागे. माळव्यातल्या वैशाखात इथर उडून जायला किती वेळ लागत असेल, याची कल्पना आपण करू शकता.

दीनदयाळांविषयी आणखी एक गोष्ट सांगितल्याखेरीज पुढे जाववत नाही. १८९२ मध्ये हैदराबादेत त्यांनी केवळ स्त्रियांसाठी स्टुडिओ काढला आणि तो एका इंग्रज बाईंच्या ताब्यात दिला. पडद्यातल्या स्त्रियांचे फोटो स्त्रीनेच घ्यावेत, ही त्यामागची व्यवस्था. त्या स्टुडिओत ज्यांनी चित्रे काढून घेतली, त्यांच्यापैकी कितीजणींचे नाव आज कोणी सांगू शकेल?

ओल्या काचेचा जाच संपवला तो एका डॉक्टरने. रिचर्ड लीच मॅडॉक्स हा सूक्ष्मदर्शकातून दिसणाऱ्या वस्तूंची छायाचित्रे घेत असे. इथरच्या वाफांचा त्याच्या प्रकृतीला त्रास होऊ लागला, म्हणून त्याने कोलोडियनऐवजी जिलेटिन वापरून पाहिले आणि १८७१ मध्ये आपला प्रयोग छापून टाकला. प्रयोग अर्धामुर्धा होता, इतरांनी तो पुरा केला. पण त्यातून कोरडी काच आली. कोरडी काच कारखान्यात करून ठेवता येते, दुकानात विकता येते, चित्र घेतल्यावर महिन्याने धुता येते. छायाचित्रकार आणि रसायनज्ञ ही दोन माणसे इथे प्रथमच वेगळी झाली.

या जुन्या काचांचा एक दोष आपल्या घरोघरच्या तसबिरींत दिसतो. चांदीचे क्षार निळ्या प्रकाशाला चटकन दाद देतात, तांबड्याला जवळजवळ नाहीच. म्हणून जुन्या फोटोंत आकाश पांढरेफटक आणि आजीचे कुंकू काळे कुळकुळीत! ते कुंकूच आहे, काजळाचा टिळा नव्हे, हे मला पुष्कळांना समजावून सांगावे लागले आहे. १८७३ मध्ये हेरमान फोगेल या जर्मन शास्त्रज्ञाला असे आढळले, की थरात विशिष्ट रंगद्रव्ये मिसळली तर तो हिरव्यालाही दाद देतो. तांबड्याची जाण मात्र बाजारात यायला विसावे शतक उजाडले.

आता मी आजच्या विषयाच्या गाभ्याकडे येतो. काच जड असते, फुटते, आणि एका काचेवर एकच चित्र येते. तिच्या जागी गुंडाळता येईल अशी पारदर्शक फीत हवी होती. ही फीत कोणी दिली, असे विचारले तर शंभरातले नव्याण्णव लोक जॉर्ज ईस्टमनचे नाव घेतील. रॉचेस्टरच्या बँकेत कारकुनी करणारा हा तरुण १८८० मध्ये कोरड्या काचा करू लागला आणि १८८८ मध्ये त्याने ‘कोडॅक’ नावाचा कॅमेरा पंचवीस डॉलरला बाजारात आणला. कोडॅक या शब्दाला कोणत्याही भाषेत काही अर्थ नाही. तो मुद्दाम तसा घडवलेला आहे, हे भाषेच्या माणसाने नोंदवायला हवे. कॅमेऱ्यात शंभर चित्रांची गुंडाळी भरलेली येई. चित्रे संपली की सबंध कॅमेराच दहा डॉलरसह कारखान्यात पाठवायचा. तिथे फोटो धुऊन, नवी गुंडाळी भरून कॅमेरा परत येई. ग्राहकाने फक्त कळ दाबायची.

पण त्या पहिल्या कोडॅकमधली गुंडाळी कागदाची होती. धुतल्यावर कागदावरचा जिलेटिनचा थर सोलून काचेवर घ्यावा लागे, आणि ते काम घरी जमण्यासारखे नव्हते. खरी पारदर्शक फीत अजून यायची होती.

तिच्यामागे न्यू जर्सीतल्या न्यूअर्क गावचा एक पाद्री लागला होता. हॅनिबल गुडविन हे त्याचे नाव. त्याला व्यापार करायचा नव्हता. चर्चमधल्या मुलांना बायबलमधल्या कथा चित्रांतून दाखवायच्या होत्या. काचा फुटत आणि हवी तशी चित्रे मिळत नसत. त्याने घराच्या माळ्यावर प्रयोगशाळा थाटली. न्यूअर्क हेच सेल्युलॉइड बनवणाऱ्या हायट बंधूंचे गाव, त्यामुळे ते द्रव्य त्याला परके नव्हते. नायट्रोसेल्युलोजचे द्रावण गुळगुळीत पृष्ठावर ओतून, सुकवून त्याची लवचीक पारदर्शक फीत बनवण्याची रीत त्याने शोधली आणि २ मे १८८७ रोजी पेटंटसाठी अर्ज केला. त्या वेळी तो पासष्टीच्या घरात होता.

अर्ज करून माणूस वाट पाहत बसला. पेटंट कचेरी शंका काढी, हा दुरुस्त्या पाठवी. दरम्यान १८८९ मध्ये ईस्टमनचा रसायनज्ञ हेन्री रायखेनबाख याने तशाच फितीसाठी अर्ज केला आणि त्याला त्याच वर्षी डिसेंबरात पेटंट मिळालेही. कारखान्यात काचेची लांबलचक मेजे मांडली गेली, त्यांवर द्रावण ओतून फीत तयार होऊ लागली आणि जगभर जाऊ लागली. गुडविनला पेटंट मिळाले ते १३ सप्टेंबर १८९८ रोजी, म्हणजे अर्जानंतर अकरा वर्षांनी. त्याने कारखाना काढायला घेतला, तो उभा राहत असतानाच रस्त्यावरच्या अपघातात तो जखमी झाला आणि ३१ डिसेंबर १९०० रोजी वारला.

त्याचे पेटंट दुसऱ्या कंपनीने घेतले, १९०२ मध्ये ती न्यायालयात गेली आणि १९१३ मध्ये निकाल गुडविनच्या बाजूने लागला. वरच्या न्यायालयातही तो टिकला. १९१४ मध्ये ईस्टमन कोडॅकने पन्नास लाख डॉलर देऊन प्रकरण मिटवले. त्यातला काही वाटा गुडविनच्या वृद्ध विधवेच्या हाती पडला.

ईस्टमनला खलनायक ठरवण्याची घाई मी करणार नाही. शोध लागणे आणि तो शोध मैल-मैल लांबीच्या निर्दोष फितीत उतरणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि दुसरी ईस्टमनने केली. १९०० मध्ये त्याने एका डॉलरचा ‘ब्राउनी’ कॅमेरा काढून तो शाळकरी मुलांच्या हाती दिला. गुडविनला जी मुले चित्रे दाखवायची होती, ती आता स्वतःच चित्रे काढू लागली. पण कोणत्याही सामान्यज्ञानाच्या पुस्तकात ‘फिल्मचा शोध’ या ओळीपुढे एकच नाव असते, तेव्हा न्यायालयाचा निकालही त्या ओळीपर्यंत पोहोचत नाही असे दिसते.

फितीवरचा थर जिलेटिनचा, आणि जिलेटिन गुरांच्या हाडा-कातड्यांपासून काढलेले. काही जिलेटिनांनी फिल्म वेगवान होई, काहींनी मंद, आणि कारण कोणालाच कळत नसे. कोडॅकच्या प्रयोगशाळेतील सॅम्युएल शेपर्ड याने १९२५ च्या सुमारास उलगडा केला : गुरांनी मोहरीसारख्या वनस्पती खाल्ल्या असतील तर त्यांतले गंधकयुक्त द्रव्य अत्यल्प प्रमाणात जिलेटिनात उतरते, आणि तेच चांदीच्या कणांना तरतरीत करते. प्रयोगशाळेचे प्रमुख मीस गमतीने म्हणत, की गाईंना मोहरी आवडली नसती तर आपल्याला सिनेमाला जाता आले नसते. मोहरीवाचून फोडणी नाही हे आपल्याला ठाऊक होते, फिल्मही नाही हे नवे.

सिनेमाचा उल्लेख आला. एडिसनचा सहकारी डिक्सन याने कोडॅकची रुंद फीत उभी चिरून ३५ मिलिमीटरची पट्टी केली आणि तिच्या दोन्ही कडांना छिद्रे पाडली, एकेका चित्राला दर बाजूस चार. हेच माप जगभर रुजले. वेत्झलारच्या लाइट्स कारखान्यातला ऑस्कर बार्नाक हा दम्याने बेजार झालेला कारागीर. अवजड कॅमेरे वाहणे त्याला झेपत नसे. त्याने सिनेमाचीच फीत घेतली, चित्राचे माप दुप्पट म्हणजे २४ बाय ३६ मिलिमीटर केले आणि खिशात मावणारा कॅमेरा बनवला. नमुना १९१३-१४ चा. महायुद्धामुळे ‘लायका’ बाजारात यायला १९२५ साल उजाडले.

याच छिद्रांच्या फितीपाशी आपला मराठी माणूस येतो. त्र्यंबकेश्वरचे धुंडिराज गोविंद फाळके जे.जे.मध्ये चित्रकला शिकून १८९० मध्ये बडोद्याच्या कलाभवनात गेले. सयाजीराव महाराजांच्या आश्रयाखालचे हे विद्यालय नुकतेच निघाले होते. त्याचे प्रमुख प्राध्यापक गज्जर यांनी विद्यालयाचा स्टुडिओ फाळक्यांना मोकळा करून दिला आणि तिथे ते फोटो काढणे, धुणे, छापणे शिकले. काही काळ गोध्र्यात त्यांनी फोटोग्राफीचा धंदाही केला. १९१२ मध्ये लंडनला जाऊन त्यांनी विल्यमसन कॅमेरा, कोरी फिल्म आणि तिला छिद्रे पाडण्याचे यंत्र खरेदी केले. भांडवल उभे करण्यासाठी कुंडीत मटारचा दाणा पेरला आणि अंकुरापासून वेलापर्यंतची वाढ रोज थोडी थोडी टिपून लहानसा चित्रपट बनवला.

त्या वेळी कोरी फिल्म छिद्रांवाचून येई. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी सुमारे ३७०० फूट सांगतात. फुटाला सोळा चित्रे, चित्राला दर बाजूस चार छिद्रे, असा हिशेब केला तर एका कडेलाच दोन लाखांहून अधिक छिद्रे होतात. ती अंधारात पाडायची, कारण फिल्मला उजेड लागून चालत नाही. छिद्र केसभर सरकले तर पडद्यावर चित्र थरथरते. हे काम सरस्वतीबाई फाळके यांनी शिकून घेतले. रसायने कालवणे, फिल्म धुणे यांतही त्यांचा हात होता. दिवसा चित्रीकरणाच्या वेळी त्या उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहत, आणि सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही त्यांच्याकडेच असे. दागिने त्यांनी आधीच दिले होते. ३ मे १९१३ रोजी चित्रपट मुंबईत प्रदर्शित झाला. आज त्याचे थोडेच भाग उरले आहेत. भारतीय चित्रपटाच्या जनकाची आपण आठवण ठेवतो, ते योग्यच आहे. ज्या छिद्रांवर तो चित्रपट चालला, ती पाडणारी बाई तळटिपेत आहे. बाबूराव पेंटरांनी १९१८ मध्ये कोल्हापुरात स्वतःच कॅमेरा बनवला, त्या कथेतही कानशी चालवणारे हात अनेक असणार.

रंगीत फिल्मचा इतिहास मोठा आहे, तो मी एका वाक्यात उरकतो, कारण त्यातली गंमत दोन संगीतकारांची आहे : पियानोवादक लिओपोल्ड मॅनेस आणि व्हायोलिनवादक लिओपोल्ड गोडोव्स्की यांनी अंधाऱ्या खोलीत घड्याळ दिसेना म्हणून ब्राम्सची सुरावट शिट्टीवर वाजवून वेळ मोजली, आणि १९३५ मध्ये त्यांच्या प्रयोगांतून ‘कोडाक्रोम’ निघाली.

आपल्याकडे फिल्म बरीच वर्षे बाहेरूनच येत असे. १९६० मध्ये उटकमंडला हिंदुस्तान फोटो फिल्म्स या सरकारी कारखान्याची स्थापना झाली आणि पुढे ‘इंदू’ नावाची फिल्म दुकानांत दिसू लागली. तो कारखानाही आता इतिहासजमा झाला. इथे बसलेल्या साठीपुढच्या मंडळींना आगफाचा ‘क्लिक थ्री’ आठवत असेल. रोलमध्ये बारा चित्रे, म्हणून एकेका चित्राचा विचार बारा वेळा. ज्यांच्या स्मृतिप्रीत्यर्थ ही व्याख्यानमाला चालते, ते आपले चित्रकलेचे गुरुजी याच कॅमेऱ्याने स्नेहसंमेलने आणि सहली टिपत, आणि जिन्याखालच्या खोलीत तांबडा दिवा लावून स्वतः धूत. तांबडाच दिवा का, हे आपल्याला आता कळले असेल : ज्या कागदावर ते फोटो छापत त्याला तांबडे दिसत नाही.

या सगळ्याचा शेवट जिथे झाला तोही ईस्टमनच्याच घरात. १९७५ मध्ये कोडॅकचा तरुण अभियंता स्टीव्हन सॅसन याने फितीवाचून चालणारा कॅमेरा जुळवला. एक चित्र कॅसेटवर नोंदवायला तेवीस सेकंद लागत. कंपनीने त्याचे पेटंट घेतले आणि फिल्मच विकत राहिली. जानेवारी २०१२ मध्ये तिने दिवाळखोरीपासून संरक्षणासाठी अर्ज केला. पुढे ती सावरली, पण पूर्वीची राहिली नाही.

आता मुद्दा उरतो तो आपल्या हातात असलेल्या वस्तूंचा. गुडविनची नायट्रेट फिल्म पेट घेणारी होती. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात अशा जुन्या फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि प्रभातसारख्या कंपन्यांचे अमोल रीळ जळाले. नंतरची अ‍ॅसिटेट फिल्म सहजासहजी पेट घेत नाही, पण दमट उष्ण जागेत ती आतून कुजते आणि तिला व्हिनेगरसारखा आंबट वास येऊ लागतो. सत्तरीतले रंगीत फोटो घरोघर तांबूस पडले आहेत, कारण त्यांत चांदी नाही, नुसती रंगद्रव्ये आहेत. कृष्णधवल निगेटिव्ह मात्र, नीट धुतलेली असेल तर, आपल्या सर्वांहून अधिक जगेल.

गुरुजींच्या निगेटिव्हची एक पत्र्याची पेटी शाळेच्या ग्रंथालयात आहे. ती मी गेल्या पावसाळ्याआधी उघडून पाहिली. वास अजून आलेला नाही. गुरुजींनी पाकिटांवर वर्ष आणि प्रसंग लिहिला आहे, चेहऱ्यांची नावे नाहीत. त्यांना ती लिहिण्याची गरज नव्हती, ते सर्वांना ओळखत होते. १९६४ च्या मांडूच्या सहलीच्या एका चित्रात जहाजमहालापुढे एकतीस मुले आणि मुली उभ्या आहेत. मला त्यांतली नऊ नावे लावता आली. त्या चित्रात कडेला, अर्धा कापला गेलेला, खांद्यावर पाण्याचा हंडा घेतलेला शाळेचा शिपाई आहे. त्याचे नाव मला फक्त पहिले आठवते. पेटीतल्या चित्रांचे छाप ग्रंथपालांनी आज बाहेरच्या मेजावर मांडून ठेवले आहेत. प्रत्येकाजवळ कोरा कागद आणि शिसपेन्सिल आहे. शाईची लेखणी कृपया वापरू नये, ती कागदातून फोटोत उतरते. चहा दुसऱ्या खोलीत ठेवला आहे, तो फोटोंच्या मेजाजवळ आणू नये, एवढी ग्रंथपालांची विनंती मी आपल्यापर्यंत पोहोचवतो.